न लिहिलेल्या ग्रंथाचा इतिहास

डनिच गावचा विल्बर व्हेटली हा जवळजवळ आठ फूट उंचीचा तरुण काखोटीला एक जुनी पोथी मारून मिस्कॅटॉनिक विद्यापीठाच्या ग्रंथालयात येतो. आजोबांनी मागे ठेवलेली ही इंग्रजी पोथी अपुरी आहे. तिचे ७५१वे पानच गहाळ आहे आणि नेमका त्याच पानावरचा मजकूर त्याला हवा आहे. म्हणून तो ग्रंथालयातल्या लॅटिन प्रतीशी आपली पोथी ताडून पाहू लागतो. ग्रंथपाल हेन्री आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून डोकावतात, उघड्या पानावरचे लॅटिन वाचतात आणि हादरतात. ग्रंथ घरी न्यायची परवानगी विल्बर मागतो. आर्मिटेज ठाम नकार देतात आणि दुसऱ्या ग्रंथालयांनाही सावध करतात.

‘द डनिच हॉरर’ या कथेतला हा प्रसंग. कथा अमेरिकेतल्या ‘वीअर्ड टेल्स’ मासिकाच्या एप्रिल १९२९च्या अंकात आली. लेखक हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट, आणि ग्रंथ ‘नेक्रोनॉमिकॉन’. हा ग्रंथ कधीच अस्तित्वात नव्हता. तरीही गेली शंभर वर्षे लोक तो शोधत आहेत.

लव्हक्राफ्टचा जन्म १८९०चा, ऱ्होड आयलंड राज्यातल्या प्रॉव्हिडन्स शहरातला. लहानपणी ‘अरेबियन नाइट्स’ने तो इतका भारावला, की खेळताना स्वतःला अब्दुल अल्हाझ्रेड म्हणवून घेई. मोठेपणी हेच नाव त्याने एका वेड्या अरबी कवीला दिले. १९२४ साली छापल्या गेलेल्या ‘द हाउंड’ या कथेत या कवीचा ग्रंथ म्हणून ‘नेक्रोनॉमिकॉन’चा पहिला उल्लेख आला. त्यानंतर कथेमागून कथेत तो डोकावत राहिला. कुठे नुसते नाव, कुठे दोन ओळी. ‘डनिच हॉरर’मधला एक परिच्छेद सोडला, तर लव्हक्राफ्टने वाचकाला या ग्रंथातले फारसे काही वाचू दिलेच नाही.

मजकूर त्याने हात आखडून दिला; इतिहास मात्र सढळ हाताने. १९२७ साली त्याने या ग्रंथाची एक छोटी बखरच लिहून ठेवली. त्या बखरीनुसार अल्हाझ्रेड हा इसवी सन ७००च्या सुमारास येमेनमधल्या सना इथला कवी. बाबिलोनचे अवशेष आणि मेम्फिसची भुयारे पाहून त्याने दहा वर्षे अरबस्तानच्या वाळवंटात एकट्याने काढली. ‘नेक्रोनॉमिकॉन’ म्हणजेच मूळ अरबीतला ‘अल अझीफ’ हा ग्रंथ त्याने दमास्कसमध्ये लिहिला. ७३८ साली भर दिवसा, लोकांच्या डोळ्यांदेखत, एका अदृश्य राक्षसाने त्याला खाऊन टाकले. ९५० साली ग्रंथाचा ग्रीक अनुवाद झाला, १०५० साली धर्मगुरू मायकेल यांनी त्याच्या प्रती जाळल्या, १२२८ साली लॅटिन अनुवाद झाला आणि १२३२ साली पोप नववे ग्रेगरी यांनी त्यावर बंदी घातली. इंग्रजी अनुवाद केला जॉन डी यांनी, पण तो छापला गेला नाही.

लव्हक्राफ्टची सगळी करामत इथे आहे. पोप नववे ग्रेगरी खरेच होऊन गेले. त्या काळात कॉन्स्टँटिनोपलच्या पीठावर मायकेल नावाचे धर्मगुरू खरेच होते. जॉन डी हे तर राणी पहिल्या एलिझाबेथच्या दरबारातले नामांकित गणिती आणि गूढविद्येचे अभ्यासक. लॅटिन अनुवादक म्हणून नाव घेतलेले ओलाउस वर्मियस हेही खरे डॅनिश विद्वान, पण सतराव्या शतकातले. लव्हक्राफ्टने त्यांना चारशे वर्षे मागे नेले. ग्रंथाच्या प्रती कुठे आहेत, याची यादीही तशीच: ब्रिटिश म्युझियम, पॅरिसचे राष्ट्रीय ग्रंथालय, हार्वर्डचे वाइडनर ग्रंथालय, ब्वेनोस आयरेस विद्यापीठ आणि मिस्कॅटॉनिक विद्यापीठ. यातल्या चार संस्था खऱ्या, एकच काल्पनिक. चार खऱ्या नावांच्या आधाराने पाचवे नावही वाचकाच्या गळी सहज उतरते.

मित्रांनीही हातभार लावला. क्लार्क ॲश्टन स्मिथ, रॉबर्ट हॉवर्ड आणि पुढे ‘सायको’ कादंबरीमुळे गाजलेला रॉबर्ट ब्लॉक या लेखकांनी आपापले काल्पनिक ग्रंथ रचले. लव्हक्राफ्ट आपल्या कथांत त्यांचे हवाले देई. स्मिथच्या एका कथेत तर ‘नेक्रोनॉमिकॉन’ची मूळ अरबी प्रतच अवतरते. एकच पुस्तक दोन-तीन लेखकांच्या कथांत भेटले, की ते कुठेतरी असणार असे वाचकाला वाटू लागते. विचारणा करणाऱ्यांना लव्हक्राफ्ट मात्र सरळ लिहून कळवी, की हा ग्रंथ माझ्या कल्पनेतला आहे. कोणी तो खरोखर लिहायला घेतला, तर नुसत्या उल्लेखाने शहारणाऱ्या वाचकांची निराशाच होईल, असेही त्याचे मत होते.

१९३७ साली तो वारला आणि नेमके तेच घडले. १९७३ साली एका अमेरिकन प्रकाशनाने ‘अल अझीफ’ छापले. त्यात एका बनावट लिपीतली पाने पुन्हा पुन्हा छापलेली होती. अर्थ कशालाच नव्हता. १९७७ साली ‘सायमन’ या टोपणनावाने आलेल्या ‘नेक्रोनॉमिकॉन’मध्ये सुमेरियन देवदेवता आणि मंत्रतंत्र भरले होते. १९८० साली त्याची स्वस्त आवृत्ती निघाली आणि ती जगभर पोहोचली. १९७८ साली इंग्लंडमध्ये आणखी एक ‘नेक्रोनॉमिकॉन’ निघाले. त्याला प्रस्तावना लिहिणारे कॉलिन विल्सन यांनी पुढे तो सगळा बनाव असल्याचे स्वतःच लिहिले. यातले एकही पुस्तक वाचताना अंगावर काटा येत नाही. मंत्र आहेत, आकृत्या आहेत, अनुष्ठानाच्या सूचनाही आहेत. फक्त आर्मिटेजना हादरवणारे ते पान नाही. ते असूच शकत नाही, कारण लव्हक्राफ्टने ते वाचकाच्या मनासाठी राखून ठेवले होते.

चित्रकार एच. आर. गिगर यांनी मात्र १९७७ साली याच नावाने आपला चित्रसंग्रह काढला. तो पाहून दिग्दर्शक रिडली स्कॉट यांनी ‘एलियन’ चित्रपटातला परग्रहवासी प्राणी घडवण्याचे काम त्यांच्याकडे सोपवले. गिगर यांनी ग्रंथ रचण्याचा आव आणला नाही. त्या नावातली भीती घेतली आणि आपल्या हाताने रंगवली.

तेव्हा अस्सल प्राचीन पोथी म्हणून कोणी ‘नेक्रोनॉमिकॉन’ विकायला आणले, तर पैसे खर्च करू नका. तो ग्रंथ जिथे खरोखर जिवंत आहे, त्या कथाच वाचा. सुरुवात ‘द डनिच हॉरर’पासून करावी. लव्हक्राफ्टच्या या कथांवरचा स्वामित्वहक्क भारतात केव्हाच संपला आहे, त्यामुळे त्या कोणालाही मोफत वाचता येतात आणि मराठीत आणायलाही कुणाची परवानगी लागत नाही.