सात मात्रांचा निरोप

बँडचा मुख्य गायक बाहेर पडून स्वतःच्या नावावर पहिलं गाणं काढतो, तेव्हा लोक आधी हिशेब मांडतात. भाऊ वेगळे झाले की कुणाच्या वाट्याला काय आलं हे गाव मोजतं, तसंच. बँड म्हणजे याचा आवाजच होता, की बँडमुळे या आवाजाला मोल होतं? पीटर गेब्रिएलचं 1977 सालचं ‘सॉल्सबरी हिल’ या हिशेबापलीकडे जातं. घर सोडताना काय मागे ठेवायचं आणि काय बरोबर न्यायचं, हे त्यात नेमकं ठरलेलं आहे, आणि त्या गाण्याची थोरवी मला तिथेच दिसते.

मागे काय राहिलं, ते आधी पाहू. चार्टरहाउस शाळेतल्या मुलांनी 1967 मध्ये उभा केलेला जेनेसिस हा गेब्रिएलचा बँड भव्य मांडणीचा होता. 1972 मधलं त्यांचं ‘सपर्स रेडी’ जवळपास 23 मिनिटं चालतं. गेब्रिएल कधी लाल झगा आणि कोल्ह्याचं डोकं, कधी फुलाच्या पाकळ्या लावून रंगमंचावर यायचा. 1974 मध्ये ‘द लँब लाइज डाउन ऑन ब्रॉडवे’ हा दोन तबकड्यांचा अल्बम आला. त्याच वर्षी त्याच्या पहिल्या मुलीचा जन्म अवघड परिस्थितीत झाला, आणि दौरे व घर यांतली ओढाताण वाढत गेली. दौरा संपल्यावर, 1975 मध्ये, तो बाहेर पडला. ‘सॉल्सबरी हिल’मध्ये मात्र ना मुखवटा आहे, ना पुराणकथांचा पसारा. बाथ शहराजवळची सपाट माथ्याची एक खरीखुरी टेकडी, लोहयुगातल्या किल्ल्याच्या खुणा असलेली, आणि तिच्यावर रात्री उभा असलेला एक माणूस, एवढंच.

पण एक गोष्ट त्याने सोडली नाही, ती म्हणजे तालाचं वेडं वळण. गाणं जवळजवळ सगळं सात मात्रांत आहे. आपला रूपकही सात मात्रांचाच, पण तीन-दोन-दोन अशा त्याच्या विभागणीची चाल इथे शोधू नये. साम्य आकड्यापुरतं आहे. ड्रमचा ठोका प्रत्येक मात्रेवर सरळ पडत राहतो, त्यामुळे कान निर्धास्त होतात. टाळी धरून मोजायला लागलं की आठवी मात्रा येतच नाही, आणि पुढची ओळ पाऊल टाकायच्या आतच सुरू झालेली असते. जेनेसिसच्या गाण्यांत असले ताल कसब म्हणून उठून दिसत. इथे तोच ताल निघायची घाई झालेल्या माणसाच्या श्वासासारखा लागतो.

याला एकट्याचं गाणं म्हणायचं का, असा आक्षेप येतो, आणि तो रास्त आहे. निर्माता बॉब एझ्रिन, अकूस्टिक गिटारची ती ओळखीची सुरावट वाजवणारा स्टीव्ह हंटर, बेसवर टोनी लेविन, या सगळ्यांचे हात त्यात आहेत. तरी हे गाणं ज्या अल्बममध्ये आहे, त्यातच दुसऱ्या एका गाण्यासाठी लंडन सिंफनी ऑर्केस्ट्रा वाजला आहे, हे विसरू नये. म्हणजे थाटमाट हाताशी होता. इथे तो दूर ठेवला, या निवडीवर गायकाचंच नाव लागतं.

दुसरा आक्षेप जास्त बोचरा. गेब्रिएल गेल्यावर ड्रमर फिल कॉलिन्स गाऊ लागला आणि जेनेसिस पूर्वीपेक्षा कितीतरी मोठा झाला. ब्रिटनच्या यादीत ‘सॉल्सबरी हिल’ 13व्या क्रमांकापर्यंत गेलं. 1978 मध्ये जेनेसिसचं ‘फॉलो यू फॉलो मी’ 7व्यापर्यंत. मग बाहेर पडून मिळवलं काय? पण गेब्रिएल असताना बँडचं सर्वांत यशस्वी सिंगल 21व्या क्रमांकावर थांबलं होतं. दोघंही एकमेकांपासून सुटल्यावर पुढे सरकले. जाणाऱ्याने राहिलेल्यांना हरवावं, ही अपेक्षाच या गाण्याला लागू होत नाही, कारण त्यात कुणाबद्दल राग नाही. निघायचं कळूनही पाय अडतो, आपल्याला वेड्यात काढतील असं वाटतं, ती भीती मात्र आहे.

ध्रुवपद त्यासाठी नीट ऐकावं. घरी न्यायला आलोय असं सांगणारा आवाज येतो, आणि शेवटच्या दोन आवर्तनांपुरता ताल सातावरून चारावर येतो. इतका वेळ हुकत राहिलेलं पाऊल तिथे पहिल्यांदा सपाट जमिनीवर पडतं. क्षणभरच, पुढच्या कडव्याला पुन्हा सात मात्रा सुरू होतात.