इंद्रायणी (नाव)

इंद्रायणी हे मराठी भाषक समाजात प्रचलित असलेले संस्कृतोद्भव स्त्रीनाम आहे. ‘इंद्र’ या वैदिक देवतेच्या नावावरून ते साधलेले असून त्याचा अर्थ सामान्यतः ‘इंद्राची शक्ती’ किंवा ‘इंद्राशी संबंधित असलेली’ असा घेतला जातो. महाराष्ट्रात मात्र हे नाव प्रामुख्याने पुणे जिल्ह्यातील इंद्रायणी नदीवरून ठेवले जाते. देहू आणि आळंदी ही वारकरी संप्रदायाची दोन प्रमुख क्षेत्रे या नदीच्या काठी असल्याने नावाला देवतावाचक अर्थाबरोबरच भक्तिपरंपरेचाही संदर्भ प्राप्त झाला आहे. गोदावरी, यमुना, भागीरथी, कृष्णा, सिंधू या नदीवाचक स्त्रीनामांच्या परंपरेतच इंद्रायणी या नावाचा समावेश होतो.

व्युत्पत्ती

नावाचा पूर्वभाग ‘इंद्र’ असा आहे. संस्कृत धातुपाठात ‘इन्द्’ या धातूचा अर्थ परम ऐश्वर्य असा दिला असून त्यानुसार इंद्र म्हणजे सर्वश्रेष्ठ सत्ता असणारा. नरेंद्र, राजेंद्र, सुरेंद्र या नावांच्या शेवटी ‘इंद्र’ हा शब्द याच अर्थाने येतो. यास्काच्या ‘निरुक्त’ या ग्रंथात या शब्दाच्या एकाहून अधिक व्युत्पत्ती आहेत. त्यांपैकी काहींत त्याचा संबंध ‘इरा’ म्हणजे अन्न वा जल यांच्याशी, तर काहींत ‘इंदु’ म्हणजे सोमरसाशी जोडला आहे.

‘आयणी’ या उत्तरभागाचे स्पष्टीकरण तीन प्रकारे करता येते.

पहिल्या मतानुसार हा अपत्यवाचक ‘आयन’ प्रत्ययाचा स्त्रीलिंगी प्रकार मानता येईल. कात्यायनी आणि दाक्षायणी ही नावे याच पद्धतीने बनली आहेत. दाक्षायणी म्हणजे दक्षाच्या कुळातील कन्या, अर्थात सती. परंतु हा प्रत्यय लागताना शब्दातील पहिल्या स्वराची वृद्धी होते. कात्यायनी, दाक्षायणी या रूपांत ‘अ’चा ‘आ’ होतो तो यामुळेच. हाच नियम लावल्यास ‘ऐंद्रायणी’ असे रूप अपेक्षित होते. त्यामुळे ‘इंद्रायणी’ हे रूप या नियमात नेमके बसत नाही.

दुसऱ्या मतानुसार ‘इंद्र’ आणि ‘अयन’ यांचा हा समास आहे. अयन म्हणजे गती, मार्ग किंवा आश्रयस्थान. या विग्रहाने ‘इंद्राच्या मार्गाने जाणारी’ असा अर्थ निघतो आणि तो नदीला शोभणारा आहे. ‘अयन’मधील ‘न’चा ‘ण’ होण्याचे कारण आधीचा ‘र’ होय. रामायण, नारायण, उत्तरायण या शब्दांत हाच बदल दिसतो. दक्षिणायन या शब्दात मात्र मध्ये ‘ण’ हे टवर्गातील व्यंजन आल्याने हा बदल अडतो आणि ‘न’ कायम राहतो. ‘इंद्रायणी’मध्ये असा अडथळा नसल्याने ‘ण’ लिहिणे व्याकरणशुद्ध ठरते.

तिसऱ्या मतानुसार ‘इंद्रायणी’ हे ‘इंद्राणी’ या जुन्या रूपाचा विस्तार आहे. देवतेच्या नावावरून तिच्या पत्नीचे नाव साधण्याचा नियम पाणिनीच्या ‘अष्टाध्यायी’त (४.१.४९) दिला असून इंद्राणी, वरुणानी, भवानी, शर्वाणी, रुद्राणी आणि मृडानी ही रूपे त्याच नियमाने सिद्ध होतात. नेपाळमधील काठमांडू खोऱ्यात मातृकांच्या पूजेत ‘ब्रह्माणी’ला ब्रह्मायणी आणि ‘इंद्राणी’ला इंद्रायणी म्हणतात. काठमांडू, भक्तपूर आणि कीर्तिपूर येथे इंद्रायणीची देवस्थाने आहेत. एकाच देवतेची ही दोन्ही नावे तेथे प्रत्यक्ष वापरात असल्याने ‘इंद्राची शक्ती’ या रूढ अर्थाला या मताचा आधार मिळतो.

इंद्राणी देवता

वैदिक वाङ्मयात इंद्राच्या पत्नीचा उल्लेख इंद्राणी या नावाने येतो. शची, पौलोमी आणि ऐंद्री ही तिची इतर नावे होत. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील ८६व्या सूक्तात इंद्र, इंद्राणी आणि वृषाकपी यांचा संवाद आहे. त्यात इंद्राणीचे बोलणे स्पष्ट, मानी आणि प्रसंगी संतप्त आहे. याच सूक्तात ती स्त्रियांमध्ये सौभाग्यवती असल्याचे म्हटले आहे. पुढील काळात तिची गणना सप्तमातृकांमध्ये झाली. हत्ती हे तिचे वाहन होय. वेरूळच्या १४ आणि २१ क्रमांकांच्या लेण्यांतील सप्तमातृकांच्या शिल्पपटांत ती इतर मातृकांसह आढळते.

इंद्र आणि नद्या यांचा संबंधही वैदिक आहे. वृत्राला मारून इंद्राने कोंडलेले पाणी मोकळे केले, हे ऋग्वेदातील मध्यवर्ती कथानक होय. तिसऱ्या मंडलातील ३३व्या सूक्तात विश्वामित्राशी बोलताना नद्या स्वतःच सांगतात की, त्यांचे मार्ग इंद्राने खोदून दिले. नदीला इंद्रावरून नाव मिळण्यास अशी जुनी पार्श्वभूमी आहे.

नदी आणि नाव

इंद्रायणी नदी सह्याद्रीत लोणावळ्याजवळील कुरवंडे परिसरात उगम पावते आणि मावळातून पूर्वेकडे वाहत तुळापूर येथे भीमा नदीला मिळते. वाटेत तिच्या काठी देहू आणि आळंदी ही गावे लागतात. आळंदी येथे संत ज्ञानेश्वरांनी १२९६ मध्ये संजीवन समाधी घेतली. देहू हे संत तुकारामांचे गाव. तुकारामांच्या अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या आणि तेरा दिवसांनंतर त्या कोरड्या वर आल्या, अशी वारकरी परंपरेची श्रद्धा आहे. या कथेमुळे नदी केवळ तीर्थ न राहता अभंगवाणीचे रक्षण करणारी म्हणून ओळखली जाऊ लागली. मुलीसाठी हे नाव निवडताना अनेक कुटुंबांच्या मनात देवराज इंद्रापेक्षा ही कथा अधिक जवळची असते.

पिंपरी-चिंचवड परिसरात हा संबंध भौगोलिकदृष्ट्याही निकटचा आहे. आकुर्डी हे उपनगर दक्षिणेकडील पवना आणि उत्तरेकडील इंद्रायणी या नद्यांच्या दरम्यान वसले आहे. इंद्रायणीच्या पलीकडे चाकणचा औद्योगिक पट्टा सुरू होतो. तुकारामांचे पुत्र नारायण महाराज यांनी १६८५ मध्ये सुरू केलेल्या पालखी सोहळ्यात संत तुकाराम महाराजांची पालखी देहूतील इनामदार वाड्यातील मुक्कामानंतर आकुर्डीच्या विठ्ठल मंदिरात मुक्कामी असते व तेथून पुण्याकडे मार्गस्थ होते. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कारखान्यांमुळे राज्याच्या विविध भागांतून येथे कुटुंबे स्थायिक झाली. मराठवाडा वा विदर्भातून आलेल्या वारकरी घरांना गावाकडे केवळ अभंग-कीर्तनांतून परिचित असलेली इंद्रायणी येथे शेजारची नदी झाली.

नदीनामांचा निषेध आणि लोकरूढी

मुलीला नदीचे नाव देणे आज स्वाभाविक वाटत असले, तरी धर्मशास्त्रीय ग्रंथांची भूमिका वेगळी होती. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात (२.३३) स्त्रीचे नाव उच्चारण्यास सोपे, कठोर नसलेले, स्पष्ट अर्थाचे, मनोहर, मंगल आणि दीर्घ स्वराने संपणारे असावे, असे सांगितले आहे. ‘इंद्रायणी’ हे नाव यांतील बहुतेक अटी पूर्ण करते. मात्र तिसऱ्या अध्यायात (३.९) नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी, सर्प इत्यादींवरून नाव असलेल्या मुलीशी विवाह करू नये, असे म्हटले आहे. आपस्तंब गृह्यसूत्रातही नक्षत्र, नदी आणि वृक्ष यांची नावे असलेल्या वधू त्याज्य ठरवल्या आहेत.

हा निषेध ग्रंथांतच राहिला. महाराष्ट्रात रोहिणी, रेवती, तुळसा, गोदावरी, यमुना, नर्मदा, कावेरी, चंद्रभागा ही नावे सर्व जातींमध्ये शतकानुशतके ठेवली गेली. शास्त्रपालनाविषयी आग्रही असलेल्या घराण्यांतही ती आढळतात. नदीला माता मानणाऱ्या लोकश्रद्धेपुढे शास्त्रवचनाचा प्रभाव पडला नाही, असे यावरून दिसते. आदिवासींच्या लढ्याचे नेतृत्व करणाऱ्या गोदावरी परुळेकर (१९०७–१९९६) आणि अनाथांसाठी कार्य करणाऱ्या सिंधुताई सपकाळ (१९४८–२०२२) ही नदीवाचक नावांची सुपरिचित उदाहरणे होत.

विवाहानंतरचे नामांतर

नदीवाचक नावांच्या इतिहासात विवाहानंतर वधूचे नाव बदलण्याच्या प्रथेचा विचार आवश्यक ठरतो. बारशाला आत्याने बाळाच्या कानात सांगितलेले नाव पूर्वी अनेक स्त्रियांना विवाहापर्यंतच लाभत असे. एकोणिसाव्या शतकातील काही ख्यातनाम स्त्रियांची माहेरची नावे नद्यांची होती. १८८६ मध्ये अमेरिकेत वैद्यकीय पदवी मिळवणाऱ्या आनंदीबाई जोशी यांचे माहेरचे नाव यमुना होते. ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ लिहिणाऱ्या रमाबाई रानडे यांचेही माहेरचे नाव यमुनाच. धोंडो केशव कर्वे यांच्याशी १८९३ मध्ये पुनर्विवाह केलेल्या गोदूबाई पुढे आनंदीबाई अर्थात बाया कर्वे या नावाने ओळखल्या गेल्या. या तिघींनाही इतिहास ओळखतो तो विवाहोत्तर नावाने.

याच कर्वे कुटुंबातील पुढच्या पिढीचे उदाहरण वेगळे आहे. मानववंशशास्त्रज्ञ आणि ‘युगान्त’ या ग्रंथाच्या लेखिका इरावती कर्वे (१९०५–१९७०) यांचा जन्म ब्रह्मदेशातील म्यिंजान येथे झाला आणि तेथील इरावती नदीवरून त्यांचे नाव ठेवले गेले. आनंदीबाईंचे पुत्र दिनकर यांच्याशी विवाह झाल्यावर त्यांचे आडनाव बदलले, पण नदीचे नाव कायम राहिले.

विवाहानंतर नाव बदलण्याची सक्ती करणारा कायदा भारतात नाही. महाराष्ट्र शासनाच्या २०२४ मधील निर्णयानुसार १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या बालकांच्या शासकीय नोंदींत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव असा क्रम ठेवण्यात आला आहे. त्यामुळे इंद्रायणी नावाच्या स्त्रीच्या अपत्याच्या नावात तिचे स्वतःचे नावही लिहिले जाते.

उच्चार, लेखन आणि लघुरूपे

आधुनिक मराठी शुद्धलेखनानुसार हे नाव अनुस्वारासह ‘इंद्रायणी’ असे, तर संस्कृतात परसवर्णाने ‘इन्द्रायणी’ असे लिहिले जाते. ‘इंद्रायनी’ हे रूप व्युत्पत्तीच्या दृष्टीने सदोष मानले जाते. घरगुती वापरात इंदू हे लघुरूप रूढ आहे. संस्कृतात मात्र ‘इंदु’ हा चंद्रवाचक स्वतंत्र शब्द असून इंदुमती हे नाव त्यापासून बनले आहे. लक्ष्मीवाचक ‘इंदिरा’ हे नावही इंद्रायणीहून भिन्न आहे. लघुरूप समान असल्याने ही नावे एकाच अर्थाची असल्याचा गैरसमज होतो. ‘इंद्रायण’ ही कडू फळांची वेल असून आयुर्वेदात तिला इंद्रवारुणी म्हणतात. नाव सारखे असले तरी व्यक्तिनामाचा या वेलीशी संबंध नाही.

इतर उपयोग

नदीवरून अन्य गोष्टींनाही हे नाव मिळाले आहे. मावळातील वडगाव येथील भात संशोधन केंद्राने आंबेमोहर १५७ आणि आयआर ८ या वाणांच्या संकरातून विकसित केलेला सुवासिक तांदूळ १९८७ मध्ये ‘इंद्रायणी’ या नावाने प्रसारित झाला. पुणे आणि मुंबई यांना जोडणारी इंद्रायणी एक्सप्रेस १९८८ मध्ये सुरू झाली. मराठी साहित्यात लेखिका इंद्रायणी सावकार यांच्यामुळे हे नाव वाचकांना परिचित आहे. २०२४ मध्ये ‘इंद्रायणी’ याच नावाची मराठी दूरचित्रवाणी मालिका प्रसारित होऊ लागली. तिच्यातील बालनायिकेला इंदू म्हणतात.

नदीची सद्यस्थिती

सांडपाणी आणि औद्योगिक वसाहतींतून येणारे रसायनमिश्रित पाणी यांमुळे इंद्रायणीचे पात्र प्रदूषित झाले आहे. आळंदी येथे पाण्यावर पांढरा फेस साचल्याच्या बातम्या अलीकडच्या वर्षांत वारंवार आल्या असून वारीच्या काळात स्नानासाठी व तीर्थ म्हणून पाणी घेणाऱ्या वारकऱ्यांच्या आरोग्याचा प्रश्न त्यामुळे उपस्थित झाला आहे. पावित्र्याच्या भावनेने मुलींना दिले जाणारे हे नाव आणि नदीची प्रत्यक्ष अवस्था यांतील ही विसंगती नदी पुनरुज्जीवनाच्या चर्चेत मांडली जाते.