न दिसणारा अजगर

फ्लोरिडाच्या दक्षिणेला एव्हरग्लेड्स नावाचा अफाट पाणथळ प्रदेश आहे आणि तिथे आता दर उन्हाळ्यात, बाहेरून येऊन पसरलेले अजगर पकडण्याची स्पर्धा भरते. 2025 च्या जुलैमध्ये दहा दिवसांत 934 स्पर्धकांनी 294 बर्मी अजगर पकडले, आणि या आकड्याचे विजयाची बातमी म्हणून कौतुक झाले. 2013 साली ही स्पर्धा पहिल्यांदा झाली तेव्हा सुमारे 1600 माणसे महिनाभर गवत तुडवत होती आणि हाती 68 अजगर लागले होते. हे दोन आकडे शेजारी ठेवले की प्रश्न पडतो: बारा वर्षांत अजगर वाढले, की शोधणारे तरबेज झाले? आकडा त्याचे उत्तर देत नाही. सन 2000 पासून आजवर 23 हजारांहून अधिक अजगर काढल्याची नोंद आहे, पण एकूण किती होते आणि किती उरले याचा खात्रीचा अंदाज कोणत्याही शास्त्रज्ञाने दिलेला नाही. ज्या राशीतून आपण मूठ-मूठ काढतो आहोत ती राशीच ठाऊक नसेल, तर काढलेल्या मुठी मोजून काय कळणार? एव्हरग्लेड्सचा खरा पेच अजगर मारण्याचा नाही, तो दिसण्याचा आहे. त्यामुळे तिथल्या प्रत्येक उपायाचे मोल याच कसोटीवर ठरायला हवे.

हा प्रदेश डोळ्यांसमोर आणला की पेच समजतो. ओकीचोबी सरोवरातून दक्षिणेकडे समुद्रापर्यंत जमिनीला उतार जवळजवळ नाहीच, त्यामुळे पाणी पात्र करून वाहत नाही. कित्येक मैल रुंदीच्या उथळ पसाऱ्यात सावकाश सरकत राहते. त्यात करवतीसारख्या कडांचे उंच गवत, मधूनमधून झाडांनी भरलेली उंचवट्याची बेटे आणि किनाऱ्याकडे खारफुटी. मार्जरी स्टोनमन डग्लस यांनी 1947 साली या प्रदेशावर पुस्तक लिहिले, त्यात त्याला ‘गवताची नदी’ म्हटले, आणि त्याच वर्षी इथे राष्ट्रीय उद्यान झाले. एकट्या उद्यानाचेच क्षेत्र सुमारे सहा हजार चौरस किलोमीटर आहे. बर्मी अजगराच्या तपकिरी अंगावरचे गडद चट्टे या गवतात असे मिसळतात, की पायापाशी असलेला पंधरा फुटी प्राणीसुद्धा नजरेला येत नाही. तो दिवसचे दिवस हलत नाही आणि पाण्याखाली बराच वेळ राहू शकतो. संशोधकांच्या हिशेबाने एखाद्या भागात शंभर अजगर असले, तर शोधायला गेलेल्या माणसाला त्यांतला एकही दिसण्याची खात्री नसते. शिवाय बराचसा प्रदेश रस्त्यांपासून इतका दूर, की तिथे कुणी शोधायला जातच नाही.

हा प्राणी तिथे पोहोचला तो पाळीव प्राण्यांच्या दुकानांतून. 1996 ते 2006 या काळात अमेरिकेत सुमारे 99 हजार बर्मी अजगर आयात झाले. हातभर लांबीचे, देखणे, शांत पिल्लू काचेच्या पेटीत शोभून दिसते. काही वर्षांत ते मालकाहून वजनदार होते आणि मग कुणीतरी ते रात्री कालव्याकाठी सोडून देतो. 1992 च्या अँड्र्यू चक्रीवादळाने होमस्टेडजवळचे सर्प-पैदास केंद्र उद्ध्वस्त केले आणि तिथून अजगर सुटले, ही कथा फार लोकप्रिय आहे. त्या वादळाने भर घातली असेल. पण सगळे खापर त्याच्यावर फोडणे सोयीचे आहे, कारण वादळाला कोणी परवाना दिलेला नसतो. एव्हरग्लेड्समध्ये अजगर सापडल्याची नोंद 1979 ची, म्हणजे वादळाच्या कितीतरी आधीची आहे. तिथे अजगरांची वाढती वसाहत आहे हे सन 2000 मध्ये अधिकृतपणे मान्य झाले, आणि केंद्र सरकारने आयातीवर बंदी घातली ती जानेवारी 2012 मध्ये. अजगर दिसू लागेपर्यंत कायदा थांबला, आणि अजगराची तर ख्यातीच न दिसण्याची.

मधल्या काळात काय झाले ते 2012 मध्येच प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाने दाखवले. संशोधकांनी रात्री उद्यानाच्या रस्त्यांवरून हजारो किलोमीटर गाडी चालवून दिसतील ते प्राणी मोजले आणि 1996-97 च्या नोंदींशी ताडून पाहिले. रॅकून दिसण्याचे प्रमाण 99.3 टक्क्यांनी घटले होते, ओपॉसम या मांजराएवढ्या पिशवीधारी प्राण्याचे 98.9 टक्क्यांनी, बॉबकॅट या रानमांजराचे 87.5 टक्क्यांनी. ससे आणि कोल्हे तर दिसलेच नाहीत. यावर घेतला जाणारा आक्षेप रास्त आहे: विसाव्या शतकात कालवे, शेती आणि वस्तीसाठी मूळ एव्हरग्लेड्सचा निम्मा भाग आटवला गेला, पाण्याचे चक्र बिघडले, मग दोष एका सापाला का द्यायचा? त्याचे उत्तर दोन ठिकाणी मिळते. पाण्याचे हाल सर्वत्र झाले, पण सस्तन प्राणी सर्वाधिक घटले ते अजगर सर्वांत आधी पोहोचले तिथे; जिथे ते उशिरा आले किंवा आलेच नाहीत, तिथे रॅकून आणि ओपॉसम टिकून होते. दुसरे उत्तर सशांनी दिले. संशोधकांनी गळ्यात रेडिओ बांधून पाणथळीचे ससे उद्यानात सोडले. ते रुजले, त्यांना पिल्लेही झाली. म्हणजे चारा, पाणी, आसरा यांत उणे काही नव्हते. पुढे ऊन वाढले, अजगर हलू लागले, आणि मेलेल्या सशांपैकी 77 टक्के अजगरांच्या पोटी गेल्याचे निघाले. परिणाम एवढ्यावर थांबत नाही. मोठे प्राणी संपल्यावर तिथले काही डास उंदरांवर अधिक अवलंबून राहू लागले, आणि माणसालाही होऊ शकणारा एव्हरग्लेड्स विषाणू त्याच उंदरांत वाढतो. अजगरांसोबत आलेला फुप्फुसातला एक आशियाई परजीवी आता तिथल्या मूळच्या सापांना जडला आहे.

तर मग या न दिसणाऱ्याला पाहायचे कसे? त्याचे एक उत्तर फ्लोरिडाला तामिळनाडूत सापडले. 2017 मध्ये फ्लोरिडा विद्यापीठ आणि राज्याच्या वन्यजीव आयोगाने मासी सदैयन आणि वडिवेल गोपाल या दोन इरुळा सर्पमित्रांना बोलावले. इरुळा समाज पिढ्यानपिढ्या साप आणि उंदीर पकडत आला आहे. या दोघांना तिथली भाषा येत नव्हती आणि बर्मी अजगरही ओळखीचा नव्हता, तरी पहिल्या दोन आठवड्यांच्या आतच त्यांनी आणि त्यांच्या चमूने 13 अजगर पकडले. इतर लोक गाडीतून रस्त्यावरचा साप शोधत. हे पायी चालत, मातीवरचा घसरता माग, कातेचा तुकडा, विष्ठा पाहत. की लार्गो बेटावर जुन्या क्षेपणास्त्र तळाच्या पडक्या बांधकामातून त्यांनी चार अजगर काढले, त्यांत 16 फुटी मादी होती. 2023 मध्ये या दोघांना पद्मश्री मिळाली. या कामात नजर ही सर्वांत मोठी सामग्री आहे, आणि ती कमावायला आयुष्य जाते.

दुसरे उत्तर अजगराकडूनच घेतलेले आहे. नेपल्स इथली कॉन्झर्व्हन्सी ऑफ साऊथवेस्ट फ्लोरिडा ही संस्था 2013 पासून नर अजगरांच्या शरीरात रेडिओ बसवून त्यांना पुन्हा सोडते. विणीच्या हंगामात हे खबरे नर गंधाचा माग काढत अचूक माद्यांपाशी जातात, आणि त्यांच्या मागोमाग माणसे. अशाच एका खबऱ्याने जवळजवळ 18 फूट लांब आणि 98 किलो वजनाची मादी दाखवली. तिच्या पोटात 122 अंडी वाढत होती. रस्त्यावर सापडलेली दहा पिल्ले आणि अशी एक मादी यांना स्पर्धेच्या तक्त्यात दहास एक असे तोलतात. निसर्गाच्या हिशेबात ते प्रमाण कितीतरी उलटे आहे, कारण पिल्लांतली बहुतेक एरवीही जगत नाहीत. 2025 मध्ये जलव्यवस्थापन खात्याने सशासारखी ऊब देणारी, हलणारी 40 यंत्रे गवतात ठेवली. जवळ येणारा अजगर कॅमेरा टिपतो. तोही प्रयत्न पाहण्याचाच.

यावर काही जण म्हणतील, स्पर्धेने लोकजागृती होते. होते, आणि त्यासाठी ती जरूर चालावी; फक्त तिला नियंत्रण म्हणू नये. थंडी अजगरांना आवरेल हीही एक आशा होती. जानेवारी 2010 च्या कडाक्यात रेडिओ लावलेल्या 10 अजगरांपैकी 9 मेले. पण ज्यांना बिळात शिरायची बुद्धी झाली ते वाचले, आणि पुढची पिढी त्यांची आहे. ग्वाम बेटावर पक्ष्यांचा संहार करणाऱ्या तपकिरी वृक्षसर्पासाठी मेलेल्या उंदरांत पॅरासिटामॉल भरून ते हेलिकॉप्टरमधून टाकतात. तो साप मेलेले खातो म्हणून ते जमते. एव्हरग्लेड्समध्ये असे आमिष मगरींपासून गिधाडांपर्यंत कोणीही उचलेल. सर्वांत अवघड आक्षेप करुणेचा आहे. बर्मी अजगर आशियातल्या त्याच्या मायभूमीत स्वतःच संकटग्रस्त आहे. मग मारण्याऐवजी परत का पाठवू नये? 2018 च्या जनुकीय अभ्यासात फ्लोरिडातल्या काही अजगरांत आपल्या भारतीय अजगराचाही अंश आढळला. असा संकरित, नवे परजीवी वागवणारा प्राणी मूळच्या रानात सोडणे म्हणजे तिथल्या उरल्यासुरल्या अजगरांवर दुसरे संकट घालणे. दोष सापाचा नाही, हे खरे आहे. म्हणूनच मारणे प्रशिक्षित हातांनी, वेदना न देता व्हावे, हा आग्रह योग्य आहे.

अमेरिकी भूगर्भ सर्वेक्षणाने 2023 मध्ये सगळे संशोधन एकत्र मांडले आणि आजच्या साधनांनी समूळ उच्चाटन बहुधा अशक्य असल्याचे म्हटले. त्यावरून सगळे सोडून द्यावे असे निघत नाही. कुठे लढायचे एवढे त्यावरून ठरते. 2007 मध्ये की लार्गोवर सापडलेल्या अजगराच्या पोटात जगात फक्त त्याच बेटावर राहणाऱ्या घुशीच्या उपजातीचे अवशेष निघाले. अशी लहान, कडेची, शोधता येण्याजोगी ठिकाणे अजगरमुक्त राखणे आणि तिथे ससे, घुशी परत किती आल्या हे मोजणे, हे यशाचे खरे माप.

हा धडा आपल्यालाही लागू आहे. आपल्याकडे मुंबई विमानतळावर बॉल पायथनसारखे परदेशी साप प्रवाशांच्या सामानात अनेकदा सापडले आहेत. केंद्राच्या 2024 च्या नियमांनी अशा परदेशी प्राण्यांच्या मालकांवर नोंदणीची सक्ती केली. पण ज्या यादीवर ती बेतलेली आहे, ती आंतरराष्ट्रीय व्यापाराने धोक्यात आलेल्या प्रजातींची आहे. आपल्या तळ्यात, भातखाचरात कोण रुजेल या निकषावर ती केलेली नाही. तशी यादी करण्याचा आणि आयात रोखण्याचा अधिकार वन्यजीव कायद्याच्या 2022 च्या दुरुस्तीने केंद्राला दिलेला आहे. तो वापरायचा तर प्राणी अजून दुकानाच्या काचेआड आहे, मोजता येतो आहे, तोवर.