सुझान शिफमन : चित्रीकरणाच्या नोंदवहीपासून पटकथेपर्यंत

फ्रेंच चित्रपटसृष्टीतील ‘न्यू वेव्ह’चा उल्लेख होताच फ्रान्स्वा त्रुफो, जाँ-ल्युक गोदार आणि झाक रिव्हेत या दिग्दर्शकांची नावे पुढे येतात. या तिघांसोबतही काम केलेल्या सुझान शिफमन (१९२९-२००१) यांचे नाव मात्र क्वचितच घेतले जाते. वस्तुतः १९७३ ते १९८३ या काळात प्रदर्शित झालेल्या त्रुफो यांच्या नऊपैकी आठ चित्रपटांच्या त्या सहलेखिका होत्या.

‘शूट द पियानो प्लेअर’ (१९६०) या चित्रपटासाठी शिफमन यांनी स्क्रिप्ट सुपरवायझर म्हणून काम केले. चित्रपटातील प्रसंग कथेच्या क्रमाने चित्रित होत नाहीत. त्यामुळे मागच्या दृश्यात पात्राचा पोशाख कोणता होता, पेला कोणत्या हातात होता, कोणता संवाद बदलला, याची काटेकोर नोंद ठेवावी लागते. पुढे सहायक दिग्दर्शक या नात्याने रोजच्या चित्रीकरणाचे नियोजनही त्यांच्याकडे आले. त्रुफो चित्रीकरण सुरू असतानाही संवादांवर काम करीत. अशा वेळी संपूर्ण चित्रपट ध्यानात असलेली सहकारी लेखनातही त्यांची साथीदार होणे स्वाभाविक होते.

‘डे फॉर नाइट’ (१९७३) हा चित्रपट चित्रपटनिर्मितीविषयीच आहे. त्यात नाताली बाय यांनी साकारलेली झोएल ही स्क्रिप्ट सुपरवायझर शिफमन यांच्यावरच बेतलेली आहे. या चित्रपटाच्या पटकथेसाठी त्रुफो आणि जाँ-लुई रिशार यांच्यासह त्यांना ऑस्कर नामांकन मिळाले. ‘द लास्ट मेट्रो’च्या (१९८०) पटकथेने त्रुफो व शिफमन यांना सेझार पुरस्कार मिळवून दिला.

१९५४ मध्ये याच त्रुफो यांनी एका गाजलेल्या लेखात पटकथाकारांच्या वर्चस्वाखालील फ्रेंच चित्रपटांवर कठोर टीका केली होती. दिग्दर्शक हाच चित्रपटाचा खरा कर्ता, या विचाराला त्यातून बळ मिळाले. त्यांच्या स्वतःच्या चित्रपटांची श्रेयनामावली मात्र वेगळेच सांगते. तेथे दिग्दर्शकाच्या नावासोबत वर्षानुवर्षे शिफमन यांचेही नाव झळकत राहिले.

रिव्हेत यांच्या सुमारे १३ तासांच्या ‘आउट १’ (१९७१) या चित्रपटाच्या दिग्दर्शनातही त्यांचा सहभाग होता. १९८४ मध्ये त्रुफो यांचे निधन झाले. त्यानंतर १९८७ मध्ये तेराव्या शतकातील धर्मचौकशीवर आधारित ‘सॉर्सरेस’ हा चित्रपट त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला.