सेकंदाचा साठावा हिस्सा

लोअर परळच्या ज्या रस्त्याला सरकारदफ्तरी ना. म. जोशी मार्ग म्हणतात आणि आम्ही जुने रहिवासी अजून डिलाईल रोडच म्हणतो, तेथील आमच्या चाळीतल्या खोलीत, गेल्या पावसाळ्यातील एका रविवारी, माझ्या भाच्याने तळहातावर मावणारे एक जुने खेळयंत्र माझ्यापुढे धरून एकच प्रसंग दोनदा खेळून दाखविला. पहिल्या खेपेस पडद्यावर शत्रूंची गर्दी होताच नायक चिखल तुडवीत चालल्यासारखा जड झाला. दुसऱ्या खेपेस तेवढीच गर्दी असूनही त्याची चाल कोठेच मोडली नाही. “मामा, खेळ फास्ट केलेला नाही हं. अडकायचा, तेवढा थांबवलाय,” असे तो म्हणाला, आणि या दोन गोष्टींतला भेद नीट उमगण्यासाठी माझे पुढचे कित्येक रविवार खर्ची पडले.

खेळ होता ‘सुपर मारिओ लँड २’, निन्टेन्डो कंपनीने १९९२ साली ‘गेम बॉय’साठी काढलेला. उड्या मारीत, कठड्यांवरून कठड्यांवर जात पुढे सरकायचे, असा त्याचा प्रकार. गुनपेई योकोई यांच्या देखरेखीखाली तयार होऊन १९८९ साली बाजारात आलेल्या त्या यंत्राची ऐपत आजच्या मानाने फारच बेताची: १६० बाय १४४ ठिपक्यांचा पडदा, चारच छटा, आणि सेकंदाला ४१,९४,३०४ ठोके देणारा प्रोसेसर. पडदा सेकंदाला सुमारे ५९.७ वेळा नव्याने रेखाटला जातो. म्हणजे दर चित्रामागे, भाच्याच्या भाषेत दर फ्रेममागे, यंत्राच्या पदरी नेमके ७०,२२४ ठोके पडतात. एवढ्या मुदतीत बटणे तपासायची, प्रत्येक शत्रूला हलवायचे, कोण कोणावर आदळले याचा निवाडा करायचा आणि पुढच्या चित्राची तजवीज लावायची. काम मुदतीत उरकले नाही तर पडदा थांबत नाही. तो जुनेच चित्र पुन्हा दाखवितो, आणि प्रोग्राम पुढच्या फेरीची वाट पाहत बसतो. खेळातील काळ फ्रेमांवरच मोजलेला असल्याने साठाच्या जागी तीस फ्रेमा झाल्या की त्या जगातला वारा, शत्रू आणि नायक सारेच निम्म्या वेगाने चालू लागतात.

माझे वडील साचेखात्यात विणकर होते, त्यामुळे मला हे लवकर पटले. साचा आपल्या ठेक्याने चालतच राहतो, धोटा इकडून तिकडे जातच राहतो. माणसाच्या वाट्याला दोनऐवजी तीन साचे आले म्हणून कोणी दिवस लांबवून देत नाही. १९२८ साली मुंबईच्या गिरण्या सहा महिन्यांच्या आसपास बंद राहिल्या, त्या संपाच्या कारणांत हा तिसरा साचाही होता.

फ्रेमांचे गणित मात्र मी गिरणीत नव्हे, ‘दीपक’ टॉकीजच्या अंधारात बसून, न कळत, आधीच शिकलो होतो. बोलपटाची फिल्म सेकंदाला चोवीस चित्रे पुढे सरकविते, तरी प्रोजेक्टरचे फिरते झाकण प्रत्येक चित्रावरचा प्रकाश मध्ये एकदा तोडीत असल्याने डोळ्यांवर अठ्ठेचाळीस झोत पडतात आणि लुकलुक जाणवत नाही. चित्र किती वेळा उजळते आणि किती वेळा बदलते, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेव्हा कॅमेरा हातानेच फिरवीत. मूकपटांच्या त्या काळी सेकंदाला सोळा चित्रे हा साधारण हिशेब मानला जाई. तसली फिल्म पुढे चोवीसच्या यंत्रावर चढविली की माणसे दीडपट वेगाने लगबग करू लागत. त्यावर तोड अशी निघाली की, नवी प्रत काढताना दर दुसरे चित्र दोनदा छापायचे, म्हणजे सोळाची चोवीस होतात आणि मूळची चाल राखली जाते. त्या अनाम तंत्रज्ञांविषयी मला फार आदर वाटतो. जुन्या वस्तूला नव्या यंत्रावर चढविताना तिचा स्वतःचा काळ मोडू द्यायचा नाही, हे पथ्य त्यांनी पाळले.

मारिओच्या खेळावर मूळ खेळानंतर सुमारे पाव शतकाने एका हौशी प्रोग्रामरने ‘डीएक्स’ नावाचा जो संस्कार केला, त्याने याच पथ्याने रंगही आणले आणि अडखळही घालविली. १९९८ साली आलेल्या ‘गेम बॉय कलर’मध्ये प्रोसेसरची गती दुप्पट करण्याची सोय आहे, जुना खेळ मात्र तिला कधी हात लावीत नाही, कारण त्याच्या जन्मकाळी ती नव्हतीच. ती चालू करण्याचा हुकूम चार-दोन आज्ञांचा. खरी जोखीम त्यानंतरची. पडदा आणि ध्वनी पूर्वीच्याच गतीने चालतात, पण यंत्रातील टायमर दुप्पट धावू लागतो. तेव्हा ज्या खेळाचे संगीत टायमरवर बेतलेले असेल त्याची चाल लगेच दुप्पट होते, आणि नुसते आकडे मोजीत वेळ काढणारी वळणे अर्ध्या वेळात संपून जातात. यांतले प्रत्येक ठिकाण हुडकून काढावे लागते, आणि तेही मूळ लेखकाचा कागद हाती नसताना, पाच लाखांहून अधिक आकड्यांच्या ढिगातून. वाटायची असते ती केवळ फेरफारांची फाइल, जिला पॅच म्हणतात. मूळ खेळाची प्रत ज्याची त्याने आणायची. ही रीत मला सचोटीची वाटते.

काही खेळ गर्दीमुळे नव्हे, तर रचनेनेच तीस फ्रेमांना बांधलेले असतात. भाचा सध्या तसल्याच एका खेळाच्या मागे आहे, आणि तेथे दुप्पट गती पुरत नाही. सारी चालच नव्याने मांडावी लागते. त्याने चौकटीच्या वहीत मला एका उडीचा हिशेब दाखविला. समजा, पहिल्या फ्रेमला नायक आठ ठिपके वर जातो, मग सात, मग सहा, असे करीत एकावर येतो, बेरीज ३६. फ्रेमा दुप्पट केल्या की वेग निम्मा, म्हणजे चार. आणि गुरुत्वाची ओढ निम्मी नव्हे, पाव. या यंत्राला अपूर्णांक ठाऊक नाहीत, एकाला चाराने भागले तर ते शून्य म्हणते आणि नायक आकाशातच निघून जातो. म्हणून ठिपक्याचेही भाग पाडून ते वेगळ्या खात्यात जमा धरावे लागतात. एवढे करून चारपासून पाव-पाव उतरत सोळा फ्रेमांची बेरीज केली तर भरते ३४. उडी दोन ठिपके तोकडी पडते आणि कठड्याला टेकायचे पाऊल हवेतच राहते.

या दोन ठिपक्यांपायी त्याची एक अख्खी रात्र गेली. मग त्याने सुरुवात चारऐवजी सव्वाचाराने करून पाहिली. बेरीज आली ३८. शेवटी चार आणि एक अष्टमांश. पहिल्या दोन फ्रेमा मिळून बरोबर आठ, पुढच्या दोन मिळून सात, त्यापुढच्या सहा. जुन्या प्रत्येक पावलाच्या जागी नवी दोन, आणि सोळाव्या फ्रेमला ३६. त्याने यंत्र माझ्या हाती दिले. मी बटण दाबले, नायक उडाला आणि कठड्यावर उभा राहिला. भाचा तोवर पान उलटून, त्याच कठड्यावरून खाली पडण्याचा हिशेब मांडू लागला होता.