तळे राखील तो पाणी चाखील

भंडारा जिल्ह्याच्या तुमसर तालुक्यात सिहोरा हे गाव आहे. एका अंगाला बावनथडी, दुसऱ्या अंगाला वैनगंगा आणि मध्ये दूरवर पसरलेल्या धानाच्या बांध्या, असा हा मुलूख आहे. आषाढ-श्रावणात येथे जिकडे दृष्टी टाकावी तिकडे पाणीच पाणी दिसते. परंतु चैत्र-वैशाखात त्याच भूमीला भेगा पडतात. वर्षाचा बहुतेक सारा पाऊस चार महिन्यांत पडून जातो आणि उरलेले आठ महिने त्याच्या साठवणीवर काढावे लागतात. हे कोडे माणसाने कसे सोडविले, आणि जेथे ते सुटले नाही तेथे काय झाले, हे सिहोऱ्याहून निघून एका दिवसाच्या सहलीत प्रत्यक्ष पाहता येते.

अशा सहलीस वाटाड्या हवा. रस्ता दाखविणारा वाटाड्या कोठेही मिळतो. परंतु दगड आणि पाणी यांचा अर्थ उलगडून सांगणारा वाटाड्या लाभला, म्हणजे पडक्या भिंतीलाही वाचा फुटते. जाणता वाटाड्या प्रत्येक ठिकाणी मुलांना दोनच प्रश्न विचारावयास सांगतो : येथे पाणी कोठून येत होते? आणि ते राखीत कोण होते?

सहलीचा पहिला मुक्काम चांदपूरचा तलाव. सिहोऱ्यापासून तो जवळच आहे. टेकडीवर हनुमंताचे प्रसिद्ध देवस्थान आहे आणि खाली तलावाचे विस्तीर्ण पाणी चमकत असते. हा तलाव इंग्रजी अमदानीत बांधला गेला. त्याची रचना समजावयास सोपी आहे. टेकड्यांवरून वाहून येणारे पाणी एका बाजूला मातीची उंच पाळ घालून अडविले आहे. पाणी फार वाढले तर पाळ फुटू नये म्हणून सांडवा ठेवतात आणि शेतीसाठी हवे तेवढेच पाणी पाटात सोडता यावे म्हणून पाळीत दार ठेवतात. या भागातील जुन्या तलावांच्या अशा दाराला ‘तुडुम’ म्हणतात. पाऊस कमी पडला तरी धान वाळू नये, म्हणून पुढे बावनथडीचे पाणी यंत्राने उपसून या तलावात सोडण्याची सोंड्याटोला योजनाही करण्यात आली. तलाव पाहून उडी मारण्याचा मोह अनेकांना होतो. परंतु पाळीजवळचे पाणी खोल असते, तेव्हा वाटाड्या मुलांना काठावरच थांबवितो. पाण्यावर प्रेम करावे, पण त्याच्याशी धिटाई करू नये, हा सहलीचा पहिला धडा होय.

चांदपूरहून तुमसरमार्गे पश्चिमेकडे वळले, की सातपुड्याच्या टेकड्या दिसू लागतात. त्यांतील एका टेकडीवर अंबागडचा किल्ला आहे. साग, मोह आणि तेंदू यांच्या झाडीतून चढण चढून गेले म्हणजे तटाच्या भिंती आणि बुरूज समोर येतात. देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद याच्या कारकिर्दीत, इसवी सन १७०० च्या सुमारास, राजाखान पठाण या सरदाराने हा किल्ला बांधला असे सांगतात. नागपूर शहराची स्थापना करणारा राजा तो हाच. पुढे हा मुलूख नागपूरकर भोसल्यांकडे आला आणि किल्ल्याचा उपयोग बंदिशाळेसारखा होऊ लागला.

या बंदिशाळेची एक भयंकर आठवण लोक सांगत आले आहेत. किल्ल्यातील विहिरीचे पाणी साचून सडलेले होते. येथे धाडलेल्या कैद्यांना तेच पाणी प्यावयास देत आणि ते पिऊन कैदी मरत. तलवार नको, फाशी नको. केवळ घोटभर पाणी पुरे! ही कथा शब्दशः खरी असो वा नसो, तिच्यातील तत्त्व मात्र खरे आहे. ज्या विहिरीतून रोज पाणी शेंदले जाते, जिचा गाळ वेळोवेळी काढला जातो, तिच्यात नवे पाणी पाझरत राहते. उपसा थांबला, म्हणजे पालापाचोळा पडून कुजतो, मेलेले जीवजंतू सडतात, शेवाळ माजते आणि रोगजंतूंना घर मिळते. पाणी तेच असते. परंतु जे जीवन होते तेच विष होऊन बसते. संस्कृतात पाण्याला ‘जीवन’ असे नाव आहे. ते नाव सार्थ राखणे हे पाण्याच्या हाती नसून माणसाच्या हाती असते.

अंबागड उतरून गायमुखास गेले, की याच्या अगदी उलट दृश्य दिसते. तेथे डोंगरातून येणारे झऱ्याचे पाणी गाईच्या मुखातून खाली पडते. त्यावरूनच त्या स्थानाला हे नाव पडले. महाशिवरात्रीला येथे मोठी यात्रा भरते. चढणीने थकलेली मुले येथे ओंजळ पुढे धरतात आणि थंडगार पाण्याने चेहरा धुताच त्यांचा शीण नाहीसा होतो. हे पाणी येते तरी कोठून? डोंगरावर पडणारा पाऊस सगळाच वाहून जात नाही. झाडांची मुळे आणि पानांचा थर त्याचा वेग मंद करतात. मग ते पाणी मातीत मुरते, खडकांच्या फटींतून हळूहळू खाली उतरते आणि वाट सापडेल तेथे झरा होऊन बाहेर येते. डोंगरावरचे रान हे एका अर्थी झऱ्याचे कोठार आहे. रान तुटले की कोठार रिकामे झाले.

झऱ्याच्या काठी विसावलेल्या मुलांना आता वाटाड्या नवे कोडे घालतो. येथे नद्या आहेत, झरे आहेत, पाळ घालून पाणी अडविता येईल असा कठीण खडक आहे. परंतु ज्या प्रदेशात नदी नाही, ओढा नाही आणि पडलेला पाऊस पाहता पाहता जमिनीत नाहीसा होतो, तेथे माणसाने नगर कसे वसविले असेल?

असा प्रदेश खरोखरच आहे. तो पृथ्वीच्या दुसऱ्या बाजूस, मेक्सिको देशाच्या युकातान द्वीपकल्पात आहे. हा सारा भाग चुनखडीच्या खडकाचा आहे. पावसाचे पाणी हवेतून आणि मातीतून जाताना त्यात कार्बन डायॉक्साइड वायू मिसळतो आणि ते किंचित आम्लधर्मी होते. असे पाणी चुनखडीला हजारो वर्षे विरघळवीत राहिले, म्हणजे जमिनीखाली पोकळ्या आणि गुहा तयार होतात. त्यांतून पाणी वाहते आणि साठते. नद्या आहेत, पण त्या जमिनीच्या पोटात! कधी एखाद्या गुहेचे छप्पर कोसळते आणि खाली निळेशार पाणी उघडे पडते. उभ्या कड्यांच्या अशा डोहाला तेथे ‘सेनोटे’ म्हणतात. हा शब्द मूळ तेथील माया लोकांच्या भाषेतून आलेला आहे.

माया लोक मोठे बुद्धिमान होते. भारताशी कोणताही संबंध नसताना त्यांनी गणितात शून्याचा स्वतंत्रपणे उपयोग केला. या डोहांच्या आधारानेच त्यांनी मोठमोठी नगरे उभारली. त्यांतील चिचेन इट्झा हे नगर जगप्रसिद्ध आहे. ‘इट्झा लोकांच्या विहिरीच्या मुखाशी’ असाच त्या नावाचा अर्थ आहे. नगराच्या मध्यभागी पायऱ्यापायऱ्यांचा एक उत्तुंग मनोरा आहे. त्याच्या चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आहेत आणि माथ्यावरील एक मिळून त्यांची संख्या ३६५ होते. वर्षाचे दिवसही तितकेच! जवळच सुमारे ६० मीटर रुंदीचा पवित्र डोह आहे. पाऊस पडावा म्हणून माया लोक पर्जन्यदेव चाक याला या डोहात अर्पणे वाहत. १९०४ पासून या डोहाचा गाळ उपसण्याचे काम सुरू झाले, तेव्हा त्यातून सोने, हिरवे जेड पाषाण, धूप आणि माणसांची हाडेदेखील निघाली. पावसाची चिंता माणसाला किती दूर नेऊ शकते, हे त्या हाडांवरून कळते.

आज देशोदेशींचे प्रवासी एका दिवसात चिचेन इट्झाचे अवशेष पाहतात आणि नंतर आसपासच्या एखाद्या डोहात पोहून थकवा घालवितात. पवित्र डोहात उतरण्याची मनाई आहे. परंतु इतर पुष्कळ डोह पोहण्यास खुले आहेत. तेथील वाटाडे एक नियम मात्र कसोशीने पाळावयास लावतात. पाण्यात उतरण्यापूर्वी प्रत्येकाने स्नान करून अंगावरील तेल आणि इतर लेप धुऊन टाकले पाहिजेत. डोहात पोहण्यासाठी आधी अंघोळ! ऐकताना हसू येते. परंतु जमिनीखाली हे डोह एकमेकांना जोडलेले आहेत. एका ठिकाणी मिसळलेली घाण दुसऱ्या गावाच्या विहिरीत जाऊ शकते, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या नियमातील शहाणपण पटते.

सर्वच माया नगरांना असे डोह लाभले नव्हते. ग्वातेमाला देशाच्या रानात तिकाल नावाचे नगर होते. तेथील एक मंदिर ६० मीटरांहून उंच आहे. परंतु या नगराजवळ नदी नव्हती. तेव्हा तिकालच्या लोकांनी आपल्या मोठ्या चौकांना गिलावा करून उतार दिला आणि पावसाचे पाणी तलावांत उतरविले. युक्ती मोठी होती. त्या तलावांवर हजारो लोक पिढ्यान् पिढ्या जगले. परंतु नवव्या शतकात वारंवार अवर्षण पडू लागले. तिकाल येथील शेवटचा तारीखवार शिलालेख इसवी सन ८६९ चा आहे. त्यानंतर ते नगर ओस पडले आणि रानाने त्याला गिळून टाकले.

अवर्षण आणि युद्धे ही या नाशाची कारणे सांगितली जातात. २०२० मध्ये शास्त्रज्ञांनी तेथील तलावांच्या तळाचा गाळ तपासला, तेव्हा आणखी एक गोष्ट उजेडात आली. राजवाड्याजवळच्या आणि मंदिराजवळच्या तलावांत पारा मिसळला होता आणि विषारी शेवाळ माजले होते. माया लोक हिंगुळाचा लाल रंग भिंतींना आणि पवित्र वस्तूंना देत. हिंगुळात पारा असतो. प्रत्येक पावसाळ्यात तो थोडा थोडा धुपून तलावात उतरत राहिला. खरकटे आणि घाण यांवर शेवाळ पोसले. हे पाणी उकळूनही निर्विष झाले नसते. गावातील दूरच्या एका तलावाचे पाणी मात्र वाळू व विशिष्ट खनिज यांच्या थरांतून गाळून घेतलेले होते, असेही त्याच सुमारास दिसून आले. म्हणजे पाणी शुद्ध करण्याची कला तिकालच्या लोकांना ठाऊक होती. परंतु जेथे राजा पाणी पीत होता, नेमके तेथेच ते दूषित झाले होते. अंबागडावरील कैद्यांची कथा आणि तिकालच्या राजवाड्याची कथा या दोहोंत हजारो कोसांचे आणि शेकडो वर्षांचे अंतर आहे. तरी त्यांचा अर्थ एकच निघतो. पाणी साठविणे ही अर्धी विद्या आहे. ते निर्मळ राखणे ही उरलेली अर्धी.

माया लोक मात्र नाहीसे झालेले नाहीत. त्यांचे लाखो वंशज आजही मेक्सिको व ग्वातेमाला या देशांत राहतात, मका पेरतात आणि आपल्या भाषा बोलतात. नगरे मोडली, पण माणसे टिकली.

दिवस मावळतीला लागला, की सहल सिहोऱ्याच्या वाटेला लागते. भंडारा हा तलावांचा जिल्हा म्हणून ओळखला जातो. सकाळी जाताना मुलांना रस्त्यालगतचे तळे हे नुसते तळे वाटते. परतताना त्याच तळ्याकडे ती निराळ्या दृष्टीने पाहू लागतात. गोंड राजांच्या काळात कोहळी लोकांनी या मुलुखात शेकडो तलाव बांधले. पुढे ते मालगुजारांच्या ताब्यात होते, म्हणून त्यांना मालगुजारी तलाव म्हणत. १९५१ मध्ये मालगुजारी संपली आणि हे तलाव सरकारकडे आले. ‘माजी मालगुजारी’ या दोन शब्दांची आद्याक्षरे जोडून लोक त्यांना आता ‘मामा तलाव’ म्हणतात. नाव मोठे जिव्हाळ्याचे आहे. परंतु मामाच्या घरी जेवावयाचे आणि मामाची विचारपूस मात्र करावयाची नाही, असे चालत नाही. पाळीवरची झुडपे काढली नाहीत, तुडुम दुरुस्त केले नाही आणि गाळ उपसला नाही, तर तलाव वर्षागणिक उथळ होत जातो. एखाद्या वर्षी त्यात धानापुरतेही पाणी राहत नाही. मग त्याचे अवशेष होण्यास वेळ लागत नाही.

‘तळे राखील तो पाणी चाखील’ ही म्हण आपण एरवी राखणदाराच्या हक्काविषयी वापरतो. परंतु अंबागडाची विहीर, तिकालचे तलाव आणि गावाशेजारचे तळे यांच्या संगतीत तिचा सरळ अर्थच अधिक खोल वाटतो. जो तळे राखतो, त्यालाच पाणी चाखावयास मिळते. न राखणाऱ्याच्या वाट्याला केवळ पडक्या भिंती येतात. आणि त्या पाहावयास पुढे कोणी दुसरेच येतात.