दाराबाहेरची मुले

'घरातच राहा' ही आज्ञा ज्यास घर आहे त्यालाच पाळता येते. २०२० च्या मार्च महिन्यात करोनाच्या साथीमुळे देशभर टाळेबंदी झाली, तेव्हा रेल्वेच्या फलाटांवर व पुलांखाली राहणाऱ्या मुलांपुढे हाच पेच उभा राहिला. प्रवासी गाड्या थांबल्या, उपाहारगृहे मिटली. त्यांबरोबर किरकोळ विक्री, ओझी वाहणे व उरलेसुरले अन्न हे त्यांचे आधारही तुटले.

अशा मुलांस निवारागृहात आणावे, हे म्हणणे सोपे आहे. परंतु तेथे एकाच दालनात अनेकांची अंथरुणे पडतात. बाहेरून आलेले एक मूल नकळत सर्वांस रोग देऊ शकते. दार बंद करावे, तर बाहेरच्यांनी जावे कोठे? आमच्या मते ह्याचे उत्तर आपल्या घरांतच आहे. एकत्र कुटुंबात कोणास कांजिण्या आल्या, तर त्याची खोली वेगळी करतात. त्यास घराबाहेर काढीत नाहीत. नवागतास १४ दिवस निराळे ठेवण्याची रीत ह्याच तत्त्वावर उभी होती.

महाराष्ट्रास हा धडा जुना आहे. १८९७ साली पंडिता रमाबाईंनी मध्य प्रांतातील दुष्काळग्रस्त मुली आणल्या, तेव्हा पुण्यात प्लेग होता. त्यांनी मुलींस माघारी धाडले नाही; केडगावच्या शेतावर त्यांची सोय केली. रमाबाईंच्या धर्मांतराविषयी कोणाचे काहीही मत असो, ही भूतदया व दूरदृष्टी सर्वांनी मान्य करावी अशीच आहे.

मात्र वेगळ्या खोलीने काम संपत नाही. रस्त्यावर मोकळे वाढलेल्या मुलास बंद फाटक तुरुंगासारखे भासते. काहींस द्रावण हुंगण्याचे व्यसन असते; ते एकाएकी तुटले की जीव कासावीस होतो. तेथे पहारेकऱ्याहून वैद्य, खेळ व ममतेने बोलणारे माणूस अधिक उपयोगी.

सर्वांत बिकट स्थिती १८ वर्षे पुरी झालेल्यांची. त्या वयास बालगृहाचा आसरा सुटतो. २०१५ च्या बालन्याय कायद्यात २१ वर्षांपर्यंत अनुरक्षणाची तरतूद आहे. ती कागदावर न राहता प्रत्यक्ष छप्पर व्हावयास हवी. आपला मुलगा अठरा वर्षांचा झाला म्हणून साथीच्या दिवसांत त्यास कोणता बाप दाराबाहेर काढील? निराधार मूल दिसल्यास १०९८ ह्या क्रमांकावर कळवावे, एवढे तरी प्रत्येक घरास करता येण्याजोगे आहे.